तिसरी गैरहजेरी

कॅलिफोर्नियातील ॲनाहाइम नगरीत असलेल्या डिस्नेलँड या क्रीडोद्यानाचा वार्षिक पास ज्याच्यापाशी आहे, आणि ज्याने येत्या एखाद्या दिवसासाठी आपला प्रवेश आगाऊ राखून ठेवला आहे, असा मनुष्य त्या दिवशी दारावर हजर झाला नाही, आणि आदल्या रात्री ११ वाजून ५९ मिनिटांच्या आत त्याने ते आरक्षण रद्दही केले नाही, तर त्याच्या नावावर एक गैरहजेरी जमा होते. आणि अशा तीन गैरहजेऱ्या कोणत्याही ९० दिवसांच्या अवधीत साठल्या, तर तिसऱ्या गैरहजेरीपासून पुढे ३० दिवस त्याला नवे आरक्षण करण्यास मज्जाव होतो. दंड म्हणून एक छदामही घेतला जात नाही, पासही जप्त होत नाही. परंतु आरक्षणावाचून दरवाजा उघडायचा नाही हा तेथील मूळ नियम असल्यामुळे, ज्याच्याकडून वर्षभराच्या रकमेची वसुली झालेली आहे अथवा मासिक हप्त्याने चालू आहे, त्याच्या हातातील पास त्या ३० दिवसांत नव्या कोणत्याही बेतासाठी निरुपयोगी ठरतो. तेथील पासधारक या प्रकाराला ‘नो-शो’ म्हणतात, आणि दक्षिण कॅलिफोर्नियातील मराठी घरांच्या बोलण्यातही तोच शब्द रुळला आहे.

मनोरंजनाच्या स्थळाचे हे एक किरकोळ कलम म्हणून ते सोडून देता आले असते. परंतु एखादी बलाढ्य संस्था आणि एखादे साधे कुटुंब यांच्यात जेव्हा करार होतो, तेव्हा वचनभंगाची व्याख्या कोण करतो, भंग कोणाचा मोजला जातो, आणि मोजणाऱ्यासमोर आपली कैफियत मांडण्याची मुभा कोणाला असते, हे प्रश्न न्यायालयांच्या मोठ्या निवाड्यांत जितके स्पष्ट दिसतात तितकेच ते अशा एका कलमातही दिसतात. आणि येथे तर ते लहान मुलांच्या सुटीच्या दिवसाला येऊन भिडतात, म्हणून माझ्या दृष्टीने ते अधिक जिव्हाळ्याचे आहेत.

गर्दीचा प्रश्न या उद्यानाच्या जन्माइतकाच जुना आहे. वॉल्ट डिस्ने यांनी ॲनाहाइमच्या संत्र्यांच्या बागांतील १६० एकर जमीन घेऊन, सुमारे १ कोटी ७० लाख डॉलर खर्चून, हे उद्यान उभारले आणि १७ जुलै १९५५ रोजी केवळ निमंत्रितांसाठी त्याची द्वारे उघडली. त्या दिवशी बनावट निमंत्रणपत्रिका घेऊन आलेल्यांमुळे अपेक्षेपेक्षा कितीतरी अधिक लोक आत शिरले आणि सारा बंदोबस्त कोलमडला. पुढे दीर्घकाळ प्रत्येक खेळासाठी निरनिराळ्या दर्जाची तिकिटे असलेली पुस्तके विकली जात. ती पद्धत १९८२ मध्ये संपली आणि एकाच प्रवेशपत्रावर दिवसभर सर्व खेळ खुले झाले. त्याच दशकात वार्षिक पासाची चाल पडली, आणि या पासाने ॲनाहाइमच्या आसपास राहणाऱ्या लोकांचे त्या उद्यानाशी असलेले नातेच पालटून टाकले.

हे पालटणे नीट समजून घेतले पाहिजे, कारण पुढील सर्व वादाचे मूळ तेथेच आहे. फ्लोरिडातील डिस्ने वर्ल्डला जाणारा कुटुंबवत्सल मनुष्य बहुधा दूरच्या राज्यातून, विमानाने, अनेक महिने आधी ठरवून, आठवड्याच्या मुक्कामासाठी जातो. ॲनाहाइमच्या उद्यानाला मात्र लॉस एंजेलिस आणि ऑरेंज परगण्यांची अफाट वस्ती अगदी लागून आहे, आणि त्या वस्तीतील पासधारक कामावरून परतताना दोन तास आत डोकावतो, मुलांना एका झोक्यावर बसवतो, रात्रीची आतषबाजी पाहतो आणि घरी जेवायला जातो. वार्षिक पासाची खरी किंमत ही होती, की जाण्याचा बेत करावा लागत नसे. ज्याने वर्षाचे पैसे भरले त्याला पूर्ण दिवस वसूल करण्याची चिंता नव्हती. पाऊस आला तर परत फिरावे, मूल कंटाळले तर उचलून न्यावे, मन झाले तर उद्या पुन्हा यावे. नगरातील सार्वजनिक बागेशी नागरिकाचे जे सहजतेचे नाते असते, तेच या खासगी उद्यानाशी हजारो कुटुंबांचे जडले.

या कुटुंबांत मराठी कुटुंबेही आहेत. आर्टेशिया येथील पायोनियर बुलेव्हार्डवरची भारतीय बाजारपेठ, सेरिटोस, डायमंड बार आणि इर्व्हाइन येथील भारतीय वस्ती, ही सारी स्थळे मोटारीने डिस्नेलँडच्या टप्प्यात येतात. बृहन्महाराष्ट्र मंडळाचे २०१५ सालचे अधिवेशन जुलैच्या आरंभी ॲनाहाइमच्या ज्या अधिवेशनगृहात भरले, ते कटेला ॲव्हेन्यू ओलांडली की डिस्नेच्या मालमत्तेसमोर उभे आहे. अमेरिकेच्या कानाकोपऱ्यांतून आलेल्या मराठी पाहुण्यांना, व्यासपीठावरील नाटक-संगीत आणि रस्त्यापलीकडील तो परीकथेचा किल्ला यांपैकी मुलांचा ओढा कुठे आहे हे वेगळे विचारावे लागत नव्हते. पुण्याहून, नाशिकहून, कोल्हापूरहून आजी-आजोबा सहा महिन्यांच्या मुक्कामाला येतात तेव्हा त्यांना दाखवण्याच्या स्थळांत हे उद्यान अग्रभागी असते. नातवंडाकडे वार्षिक पास आणि आजोबांकडे एका दिवसाचे तिकीट, अशी जोडी त्या दारावर अनोळखी नाही. आणि आरक्षणाच्या काळात ही जोडी एकाच दिवशी एकत्र आत जाणे हे किती अवघड होऊन बसले, ते पुढे येईलच.

आरक्षणाची पद्धत महामारीने आणली असे सर्वसाधारणपणे समजले जाते, आणि ते पुष्कळ अंशी खरेही आहे. डिस्नेलँड मार्च २०२० च्या मध्यास बंद झाले ते ३० एप्रिल २०२१ पर्यंत बंदच राहिले. जानेवारी २०२१ मध्ये कंपनीने जुनी वार्षिक पासाची योजना गुंडाळली आणि उरलेल्या मुदतीच्या प्रमाणात पैसे परत केले. उद्यान उघडले तेव्हा कॅलिफोर्निया शासनाने रोगाच्या प्रादुर्भावानुसार परगण्यांचे जे स्तर ठरवले होते, त्यांतील नारिंगी स्तरातील क्रीडोद्यानांना क्षमतेच्या २५ टक्केच लोक आत घेण्याची परवानगी होती, आणि आरंभी केवळ राज्याच्या रहिवाशांनाच प्रवेश होता. चारांपैकी एकालाच आत घ्यायचे तर तो एक कोण, हे आधी ठरवणे प्राप्तच होते. त्या वेळी आरक्षणाला कोणीही विवेकी मनुष्य नाव ठेवू शकला नसता.

परंतु या कथेला आणखी एक पदर आहे. महामारीच्या पूर्वी, मे २०१९ मध्ये, डिस्नेलँडने ५९९ डॉलरांचा ‘फ्लेक्स’ नावाचा एक पास काढला होता; तो घेणाऱ्याने काही ठराविक दिवस सोडून इतर दिवशी आगाऊ आरक्षण करूनच यावे, एका वेळी दोनच आरक्षणे बाळगावीत, आदल्या रात्रीपर्यंत रद्द करावीत, आणि ९० दिवसांत तीन गैरहजेऱ्या झाल्यास ३० दिवसांची बंदी सोसावी, अशा त्याच्या शर्ती होत्या. त्याच महिनाअखेर ‘स्टार वॉर्स’वर आधारलेला नवा विभाग खुला होणार होता आणि गर्दीची धास्ती मोठी होती. म्हणजे शिक्षेचे हे कलम रोगाने जन्माला घातलेले नाही. रोगाच्या आधी ते एका स्वस्त पासाची अट म्हणून, घेणाऱ्याने उघड्या डोळ्यांनी पत्करलेले होते. रोगानंतर ते सर्व पासांचा सामान्य कायदा झाले, आणि महागातला महाग पास घेणाऱ्यालाही त्यातून सुटका उरली नाही. मला या फरकाचे महत्त्व फार वाटते. सवलतीच्या बदल्यात स्वातंत्र्य देणे हा सौदा आहे. पूर्ण मोल देऊनही स्वातंत्र्य न मिळणे हा सौदा राहत नाही.

ऑगस्ट २०२१ मध्ये नवी योजना ‘मॅजिक की’ या नावाने जाहीर झाली. तिच्या चार पायऱ्या होत्या: १,३९९ डॉलरांची ‘ड्रीम की’, ९४९ डॉलरांची ‘बिलीव्ह की’, ६४९ डॉलरांची ‘एन्चांट की’, आणि केवळ दक्षिण कॅलिफोर्नियाच्या रहिवाशांसाठी ३९९ डॉलरांची ‘इमॅजिन की’. पहिल्या दोहोंना एका वेळी सहा, तिसरीला चार आणि चौथीला दोन आरक्षणे बाळगता येत. प्रत्येक पासाला ९० दिवसांपर्यंतचे दिनदर्शक दिसते. त्यातील मोकळ्या तारखेवर बोट ठेवले की ती तारीख आपली. ती भोगून झाली किंवा रद्द केली, की त्या जागी दुसरी घ्यावी.

या यंत्रणेत माणसे कशी वागू लागतात, ते पाहिले म्हणजे नियमाचे गुण आणि दोष दोन्ही उलगडतात. शनिवार-रविवार हे शाळा आणि नोकरी असलेल्या घराचे हाताशी असलेले दोनच दिवस; त्या दिवसांच्या तारखा लवकर भरतात, हे एकदा ध्यानात आले की सहा आरक्षणांचा धनी असलेला मनुष्य पुढील सहा शनिवार एकदम अडकवून ठेवतो, मग त्यांपैकी दोनदाच जायचे असले तरी. ज्याला खरोखर जायचे आहे त्याला त्या तारखा भरलेल्या दिसतात. शुक्रवारी रात्री, मध्यरात्र होण्यापूर्वीच्या तासाभरात, नको असलेली आरक्षणे रद्द होऊ लागतात आणि अडलेल्या तारखा पुन्हा मोकळ्या होतात. परंतु ज्या आईने मुलाला ‘उद्या जागा नाही’ असे सांगून झोपवले आहे, तिच्या त्या काय उपयोगाच्या? आणि जे रद्द करणेही विसरतात, त्यांच्या तारखा तर तशाच वाया जातात. दिवसाच्या प्रवेशसंख्येला मर्यादा असताना जो मनुष्य आपली जागा धरून ठेवतो आणि तिच्याकडे फिरकत नाही, तो उद्यानाचे नव्हे, आपल्यासारख्याच दुसऱ्या एका कुटुंबाचे नुकसान करतो. तेव्हा गैरहजेरीला काहीच परिणाम नसावा असे मी म्हणणार नाही. तसे झाले तर आरक्षण ही केवळ चपळांची लूट होईल.

इतकेच नव्हे, तर दंड पैशांत न घेता वेळेत घेण्याची कल्पना तत्त्वतः मला न्याय्य वाटते. अमेरिकेच्या संघशासनाच्या राष्ट्रीय उद्यानांत आणि वनभूमीत तंबूची जागा राखून ठेवून जो येत नाही, त्याला २० डॉलरांचा आकार आणि पहिल्या रात्रीचे भाडे सोडावे लागते. ज्याला २० डॉलर म्हणजे काहीच नाहीत त्याला हा दंड जाणवत नाही, आणि ज्याला ते पुष्कळ आहेत त्याला तो बोचतो. एका महिन्याची प्रतीक्षा मात्र धनिक आणि सामान्य या दोघांनाही सारखीच प्रतीक्षा आहे. हा गुण नाकारून या नियमावर टीका करणे अन्यायाचे होईल.

दोष आहे तो मोजण्याच्या रीतीत. यंत्र एकच गोष्ट पाहते: त्या तारखेला, त्या पासाची, दारावर नोंद झाली की नाही. न येण्याची सबब नोंदवण्यास त्या कलमात रकाना नाही. आता चार माणसांचे एक घर घ्या, दोन मुले बालवाडीच्या वयाची, काळ ऑक्टोबर ते डिसेंबर. ज्यांनी लहान मुले वाढवली आहेत त्यांना सांगायला नको की या महिन्यांत सर्दी, ताप आणि कानदुखी पाळणाघरातून घरी येतात आणि एका भावंडाकडून दुसऱ्याकडे जातात. मध्यरात्री मूल सुखरूप झोपलेले असते. रद्द करण्याची मुदत टळून जाते. पहाटे तीन वाजता त्याचे अंग तापते. आरक्षण प्रत्येक माणसाचे निराळे असल्यामुळे एका तापाने चौघांच्या नावावर चार गैरहजेऱ्या पडतात, निदान आजारी मूल आणि त्याच्याजवळ बसणारी आई यांच्या नावावर तरी दोन. असे तीन महिन्यांत तीनदा घडणे यात असाधारण काही नाही. ज्या आईने कोणाची जागा अडवली नाही, उलट आजारी मुलाला गर्दीत न नेऊन जिने इतर मुलांचे आरोग्यच राखले, तिला आणि सहा शनिवार अडकवून ठेवणाऱ्या बेपर्वा माणसाला हे कलम एकाच पंक्तीत बसवते. रुग्णालयात पाळीने काम करणाऱ्या परिचारिकेची पाळी ऐन वेळी बदलते, तिचेही तेच. नियम अपराधाचा हेतू तपासत नाही, एवढेच त्याच्याविषयी खरे असते तर ते सोसवले असते. परंतु तो ज्यांना दुखवतो ते बहुधा निरपराध असतात, कारण जो साठेबाज आहे तो सावधही असतो, आणि शुक्रवारी रात्री साडेअकरा वाजता रद्द करण्याचे त्याला बरोबर स्मरते.

आपल्याकडील रेल्वेच्या आरक्षणाचा आपल्याला अनुभव आहे. तेथेही मागणी अफाट आणि जागा मोजक्या. तेथेही शायिका राखून न येणारे प्रवासी असतात. परंतु त्या पद्धतीत आर.ए.सी. नावाची एक सोय आहे: ज्यांना अर्धी जागा मिळाली आहे असे प्रवासी डब्यात बसलेलेच असतात, आणि धनी न आलेली शायिका तपासनीस त्यांच्यातील अनुक्रमाप्रमाणे वाटून देतो. न आलेल्याचे पैसे सहसा परत मिळत नाहीत, पण पुढच्या गाडीचे आरक्षण करायला त्याला कोणी महिनाभर मनाई करीत नाही. या व्यवस्थेतील मला मोलाची वाटणारी गोष्ट अशी, की तिचा भर न आलेल्याला शासन करण्यावर नसून रिकामी जागा भरण्यावर आहे. आमच्या रेल्वेत सुधारण्याजोगे पुष्कळ आहे; या एका बाबतीत मात्र तिने मनुष्यस्वभाव ओळखून सोय केली आहे, आणि जगातील श्रीमंत संस्थांनीही तिच्याकडून ती घेण्यासारखी आहे.

आता कराराच्या दुसऱ्या बाजूकडे वळू. ‘ड्रीम की’ विकताना कंपनीने तिचे मुख्य वैशिष्ट्य म्हणून सांगितले होते, की या पासाला वर्षातील कोणताही दिवस वर्ज्य नाही. स्वस्त पासांना नाताळ, उन्हाळ्यातील शनिवार असे अनेक दिवस बंद असत. १,३९९ डॉलर देणाऱ्याला ते बंधन नाही, असा त्याचा अर्थ कोणीही सामान्य मनुष्याने केला असता. ऑक्टोबर २०२१ मध्ये या पासाची विक्री थांबली, आणि पुढच्याच महिन्यात एका पासधारक स्त्रीने कॅलिफोर्नियात फिर्याद दाखल केली. तिचे म्हणणे असे, की ती नोव्हेंबरच्या तारखा राखायला गेली असता अनेक दिवस, विशेषतः शनिवार-रविवार, भरलेले आढळले. आणि त्याच दिवसांची एकदिवसीय तिकिटे मात्र विक्रीला उपलब्ध होती. म्हणजे उद्यान भरलेले नव्हते. पासधारकांच्या वाट्याला काढून ठेवलेला अंश भरला होता. एकाच उद्यानाची दोन दिनदर्शके होती, आणि कोणाला कोणते दाखवायचे हे विकणाऱ्याच्या हाती होते. वर ज्या आजोबा-नातवाच्या जोडीचा उल्लेख केला, तिची अडचण हीच: आजोबांच्या तिकिटाला शनिवार मोकळा आणि नातवाच्या पासाला तोच शनिवार बंद.

शर्ती आम्ही स्पष्टपणे सांगितल्या होत्या, असे कंपनीचे उत्तर होते. दावा संघराज्याच्या न्यायालयात गेला. करारभंग आणि कॅलिफोर्नियाचा ग्राहकसंरक्षणाचा कायदा या दोन आधारांवर तो पुढे चालला. आणि २०२३ मध्ये, कोणताही दोष कबूल न करता, कंपनीने ९५ लाख डॉलर देऊन तडजोड केली. ‘ड्रीम की’ घेणाऱ्या १,०३,४३५ लोकांना त्याचा लाभ व्हायचा होता. वकिलांचे शुल्क आणि इतर खर्च वजा जाता माणशी सुमारे ६७ डॉलर पडले, म्हणजे पासाच्या किमतीच्या पाच टक्क्यांहूनही कमी.

येथे दोन्ही पारडी समोरासमोर ठेवून पाहावीत. पासधारक दिल्या दिवशी आला नाही, तर यंत्र त्याच क्षणी नोंद घेते, तिसऱ्या खेपेस शिक्षा सुनावते, आणि तिची अंमलबजावणीही स्वतःच करते. उद्यानाने विकलेला दिवस पासधारकाला दिला नाही, तर त्याची नोंद घेणारे यंत्र कोणापाशी नाही. त्यासाठी एका बाईला वकील गाठावा लागतो, दोन वर्षे थांबावे लागते, आणि शेवटी सर्वांच्या पदरी एका दिवसाच्या तिकिटाच्या मोलाहूनही कमी रक्कम पडते. वचन दोघांनी दिले होते. गैरहजेरी एकाचीच मोजली गेली. पासधारकाने दिनदर्शक उघडले आणि आपल्या मोकळ्या दिवसांपैकी एकही त्याला मिळाला नाही, तर ती संस्थेची गैरहजेरी का मानू नये? तीन वेळा असे झाले तर त्याची मुदत ३० दिवसांनी का वाढवून मिळू नये? मला या प्रश्नाला योग्य उत्तर सापडलेले नाही, आणि ज्या अर्थी असे कलम कोणी करारनाम्यात घालत नाही त्या अर्थी ते देणे सोपेही नसावे.

हा प्रश्न अमेरिकेने दुसऱ्या एका क्षेत्रात पूर्वी सोडवलेला आहे, म्हणून माझी तक्रार अवाजवी मागणीची नाही. जागा राखून न येणारे प्रवासी विमानकंपन्यांनाही असत. त्यावर उपाय म्हणून या कंपन्या जागांपेक्षा अधिक आरक्षणे विकत, आणि सगळेच आले की कोणाला तरी दारातून परत पाठवत. २८ एप्रिल १९७२ रोजी ॲलेगनी कंपनीच्या विमानाने वॉशिंग्टनहून हार्टफर्डला जायला निघालेले ग्राहकचळवळीचे अग्रणी राल्फ नेडर असेच परत पाठवले गेले. त्यांनी दावा लावला, आणि १९७६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने, अशी विक्री प्रवाशापासून लपवून ठेवल्याबद्दल न्यायालयात दाद मागण्याचा त्यांचा हक्क मान्य केला. ज्युलियन सायमन या अर्थशास्त्रज्ञाने पूर्वीच सुचवले होते, की कोणाला उतरवायचे हे कंपनीने ठरवू नये. मोबदला जाहीर करावा आणि जो स्वखुशीने थांबेल त्याला तो द्यावा. १९७८ मध्ये नागरी विमानवाहतूक मंडळाने ही रीत नियमात घातली, आणि स्वखुशीने कोणी न मिळाल्यास सक्तीने उतरवलेल्याला भरपाई देण्याचे बंधन कंपनीवर राहिले. आजही विमानतळावर मोबदल्याची जी घोषणा ऐकू येते ती या नियमाची संतती आहे. गर्दी होती तशीच आहे, न येणारे प्रवासीही आहेत. परंतु त्यांच्यामुळे चुकलेल्या हिशेबाचा भार हिशेब करणाऱ्यावर टाकला गेला. दिवसाकाठी किती आरक्षित लोक येत नाहीत याचा अनेक वर्षांचा आलेख ज्या संस्थेच्या दप्तरी आहे, तिला तेवढ्या जागा आधीच इतरांना देता येतील.

पासधारकाकडे संस्था कोणत्या दृष्टीने पाहते याचा एक पुरावा तिच्या स्वतःच्या कागदांत आहे. ऑगस्ट २०२२ मध्ये तिमाही हिशेब जाहीर करताना कंपनीने आपल्या भागधारकांना कळवले, की डिस्नेलँडमधील उपस्थितांच्या प्रतिकूल मिश्रणामुळे वाढीला काहीशी मर्यादा आली. या हिशेबी भाषेचा लोकांनी लावलेला अर्थ असा, की एकदाच येऊन तिकीट, मुक्काम, भोजन आणि खेळणी यांवर खर्च करणारा प्रवासी अनुकूल, आणि वारंवार येऊन थोडे खर्चणारा स्थानिक पासधारक प्रतिकूल. पासधारकांना ते वाक्य फार लागले. ज्यांनी आपल्या मुलांचे वाढदिवस त्या उद्यानात केले, ज्यांच्या कुटुंबांच्या दोन-दोन पिढ्या तेथे रमल्या, त्यांना आपण एका मिश्रणातील अनिष्ट घटक आहोत हे भागधारकांच्या कागदातून कळावे, यात त्यांचे दुःख अकारण होते असे कोण म्हणेल? त्याच महिन्यात पासांच्या किमती वाढल्या. सर्वांत वरच्या पासाचे नाव ‘इन्स्पायर की’ झाले, मोल १,५९९ डॉलर झाले, आणि नाताळापासून नववर्षापर्यंतचे दिवस त्यालाही वर्ज्य ठरले. ज्या शब्दांवरून दावा झाला ते शब्द अशा रीतीने पुन्हा विकावेच लागले नाहीत. आरक्षण राहिले, गैरहजेरीचे कलमही राहिले.

फ्लोरिडात मात्र वारे निराळ्या दिशेने वाहिले. नोव्हेंबर २०२२ मध्ये कंपनीची सूत्रे पुन्हा तिचे पूर्वीचे प्रमुख बॉब आयगर यांच्याकडे आली. एप्रिल २०२३ पासून तेथील पासधारकांना दुपारी दोननंतर, मॅजिक किंग्डम या तेथील उद्यानाचे शनिवार-रविवार वगळता, आरक्षणाशिवाय येण्याची मुभा मिळाली. आणि ९ जानेवारी २०२४ पासून तारखेच्या तिकिटांना आरक्षण लागेनासे झाले, तर पासधारकांसाठी आरक्षणमुक्त असे दिवस जाहीर होऊ लागले. एकाच मालकाच्या दोन ठिकाणी हा भेद का, याचे कारण भूगोलात आहे. फ्लोरिडाची विस्तीर्ण भूमी चार उद्यानांत गर्दी विभागते आणि तिचे पाहुणे दूरचे असतात. ॲनाहाइममधील डिस्नेची दोन उद्याने नगराच्या मधोमध कोंडलेली आहेत आणि तेथील गर्दी मोटारीच्या तासाभराच्या अंतरावर सदैव सज्ज असते. म्हणून ॲनाहाइमला आरक्षण पूर्णतः सोडणे कठीण आहे, हे मी मान्य करतो.

परंतु दुपारी दोनचा तो फ्लोरिडाचा नियम ॲनाहाइमलाही पेलण्यासारखा आहे. सकाळी आरक्षित लोकांपैकी किती आले हे दुपारपर्यंत दारावरच्या नोंदीवरून कळते. उरलेल्या जागा त्याच वेळी जवळपासच्या पासधारकांना खुल्या केल्या, तर कामावरून परतताना दोन तास डोकावण्याची जुनी सवय काही अंशी परत येईल, आणि न आलेल्याची जागा त्याच दिवशी कोणाच्या तरी उपयोगी पडेल. त्याला जोडून, उद्यान उघडण्याच्या वेळेपर्यंत केलेले रद्द हे वेळेत केलेले मानावे, आणि मुलाच्या आजारासाठी वर्षातून दोन गैरहजेऱ्या, दाखला न मागता, माफ कराव्यात. पहाटे तीन वाजता थर्मामीटर हातात घेतलेल्या आईला सकाळी आठपर्यंत एक बटण दाबण्याची सवड मिळाली, तर तिच्या तीन गैरहजेऱ्या भरण्याचे सहसा कारणच उरणार नाही.